कन्सोल नवा आला, पण आधी विकत घेतलेले गेम्स कुठे गेले?

जुलैमध्ये एका रात्री साडेदहाला ताईचा फोन आला आणि मागून भाच्याचा रडवेला आवाज. काळाचौकीत त्यांच्याकडे पावसात दोन दिवस लाइट येत-जात होती, त्यात याचा कन्सोल, म्हणजे टीव्हीला जोडून गेम खेळायचा डबा, बंद पडला तो पडलाच, रिपेअरवाल्याने बोर्ड गेलाय म्हणून सांगितलं, मग भावोजींनी लॅमिंग्टन रोडवरून तेच मॉडेल दुसरं आणलं, टीव्हीला जोडलं, चालू केलं तर समोर कोरी स्क्रीन. "मावशी अगं, अकरा गेम होते, सगळे पैसे देऊन घेतलेले, सगळे गेले."

दुसऱ्या दिवशी ऑफिस सुटल्यावर कॉटन ग्रीनला उतरून त्यांच्याकडे गेले. चहा यायच्या आधीच टीव्हीसमोर बसले आणि पहिलं काय बघितलं तर स्क्रीनच्या कोपऱ्यात नाव कुणाचं आहे ते. नाव नवीनच होतं. कन्सोल पहिल्यांदा चालू झाला तेव्हा त्याने जे विचारलं त्याला हो हो म्हणत भाच्याने नवीन अकाउंट उघडून टाकलं होतं. गेम जिथे होते तिथेच होते, हा वेगळ्याच नावाने आत शिरला होता. माझ्या ओळखीत ज्यांचे म्हणून गेम "गेले" त्यातल्या बहुतेकांचं हेच झालेलं असतं, म्हणून नवा कन्सोल घरात आला की बाकी काही करायच्या आधी जुन्याच ईमेलने आणि जुन्याच पासवर्डने साइन इन करा, नवीन अकाउंट अजिबात उघडू नका.

आता हे नेमकं काय चालतं ते सांगते, कारण एकदा ते कळलं की कुठल्याही कंपनीचा कन्सोल असू दे, काय शोधायचं ते तुम्हाला आपोआप कळतं.

डिजिटल गेम विकत घेतला म्हणजे तीन वेगवेगळ्या गोष्टी होतात आणि आपण त्या तिन्हीला मिळून "गेम" म्हणतो. एक म्हणजे गेमची फाइल, पन्नास-शंभर जीबीची, ती सगळ्या जगाला सारखीच मिळते. दुसरी म्हणजे कंपनीच्या सर्व्हरवरची नोंद, की अमुक अकाउंटने हा गेम घेतलाय. आणि तिसरी म्हणजे लायसन, एक छोटीशी फाइल, जी सर्व्हर ती नोंद बघून तुमच्या कन्सोलला देतो आणि जिच्याशिवाय ती शंभर जीबीची फाइल उघडतच नाही.

मुंबईत पागडीच्या खोलीत ज्यांचं आयुष्य गेलंय त्यांना हे पटकन समजेल. पैसे चांगले मोजलेले असतात, आपण खोलीला आपली खोली म्हणतो, पण बिल्डिंग घरमालकाची असते. आपल्याकडे असतात दोन गोष्टी, नावावरची भाडेपावती आणि खिशातली चावी. चावी हरवली तर चावीवाला बोलावून दुसरी करता येते, पण पावती नावावर नसेल तर नुसत्या चावीवर किती दिवस काढणार. गेमचं तसंच आहे, बिल्डिंग म्हणजे ती फाइल, भाडेपावती म्हणजे अकाउंटवरची नोंद आणि चावी म्हणजे कन्सोलमधलं लायसन. कन्सोल जळाला तेव्हा फक्त चावी गेली. भाडेपावती शाबूत आहे.

फरक एवढाच की पागडीची खोली घरमालकाला त्याचा वाटा देऊन दुसऱ्याच्या नावावर करता येते, डिजिटल गेमचं तेवढंही करता येत नाही, तो दुसऱ्याच्या अकाउंटवर चढवायची सोयच नसते. आणि ही भाषा मी उगाच वापरत नाहीये. कॅलिफोर्नियाने २०२४ मध्ये कायदाच केला, तो २०२५ पासून लागू आहे, की डिजिटल माल विकताना "बाय" असं बटण लावायचं असेल तर ग्राहकाला स्पष्ट सांगा की त्याला मालकी मिळत नाही, वापरायचं लायसन मिळतंय.

भावोजींनी लगेच विचारलं की मग जुन्या कन्सोलची हार्ड डिस्क काढून नव्यात घालू या ना, गेम तर त्याच्यातच आहेत. प्रश्न अगदी बरोबर आहे, कॉम्प्युटरमध्ये आपण तसंच करतो. पण कन्सोलच्या आतल्या डिस्कवरचा सगळा माल एन्क्रिप्ट केलेला, म्हणजे सांकेतिक रूपात कुलूपबंद असतो आणि तो उलगडायची किल्ली त्याच कन्सोलच्या मदरबोर्डवर असते, प्रत्येक कन्सोलची वेगळी. ती डिस्क दुसऱ्या कन्सोलमध्ये घातलीत तर तो म्हणणार फॉरमॅट करा. बाहेरून यूएसबीने लावलेल्या डिस्कचं वेगळं असतं, मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्सला किंवा सोनीच्या प्लेस्टेशनला एक्सटेंडेड स्टोरेज, म्हणजे जादा जागा म्हणून लावलेली डिस्क त्याच जातीच्या दुसऱ्या कन्सोलला लावली आणि तुमच्याच अकाउंटने साइन इन केलं की गेम पुन्हा डाउनलोड करायची कटकट वाचते. म्हणून ज्यांचं नेट मोजूनमापून आहे त्यांनी मोठे गेम बाहेरच्या डिस्कवर ठेवलेले बरे.

एक काळ असा होता की हे सगळं आजच्यापेक्षा कितीतरी त्रासाचं होतं. एक्सबॉक्स ३६० हा २००५ चा कन्सोल, त्याच्यात तीन लाल दिवे लागून तो बंद पडायचं प्रमाण एवढं वाढलं की २००७ मध्ये मायक्रोसॉफ्टने त्या बिघाडासाठी वॉरंटी तीन वर्षांची केली आणि त्यासाठी एक अब्ज डॉलरच्या वर रक्कम बाजूला काढून ठेवली. ढिगाने लोकांना बदली कन्सोल मिळाले. तेव्हा लक्षात आलं की त्या सिस्टीममध्ये लायसन दोन जागी बांधलेलं आहे, ज्या कन्सोलवर गेम पहिल्यांदा उतरवला त्या कन्सोलला आणि ज्या अकाउंटने घेतला त्या अकाउंटला. मूळ कन्सोल असेल तर घरातलं कुणीही, नेट नसतानाही खेळू शकायचं. बदली कन्सोल आला की मात्र तुम्ही स्वतः ऑनलाइन साइन इन असाल तरच गेम चालायचा, नेट गेलं की पैसे देऊन घेतलेला गेम डेमो होऊन बसायचा. मग २००८ मध्ये लायसन जुन्या कन्सोलवरून नव्यावर हलवायची सोय त्यांनी काढली. निन्टेंडो कंपनीच्या वी या कन्सोलमध्ये तर त्याहून घट्ट बांधलेलं होतं, खरेदी त्या डब्यालाच चिकटलेली.

आज सगळ्यांनी नोंद अकाउंटवर आणली आहे, पण ती दोन जागांची कल्पना गेलेली नाही, तिचं फक्त नाव बदललंय. प्लेस्टेशन आणि एक्सबॉक्स दोन्हीकडे सांगतात की तुमचा एक कन्सोल "घरचा" ठरवा. घरच्या कन्सोलवर तुमचे गेम घरातले सगळे आपापल्या प्रोफाइलवरून खेळू शकतात आणि नेट नसलं तरी चालतं. बाकी कुठल्याही कन्सोलवर तुम्ही स्वतः साइन इन असायला हवं आणि नेट हवं. जुना कन्सोल मेला तरी सर्व्हरच्या दृष्टीने तोच अजून घरचा असतो, कारण तो मेल्याचं त्याला कुणी सांगितलेलंच नसतं.

हेच भाच्याकडे दुसऱ्या दिवशी झालं. जुन्या अकाउंटने आत शिरल्यावर अकराच्या अकरा गेम यादीत दिसले, दोन उतरवून घेतले, हा खेळला, खूश. संध्याकाळी धाकटी तिच्या प्रोफाइलवरून त्यातलाच एक उघडायला गेली तर गेमच्या चित्रावर बारीकसं कुलूप. दोघांचं भांडण लागलं की तूच काहीतरी केलंस. कुणी काही केलं नव्हतं, नवा कन्सोल घरचा म्हणून लावायचा राहिला होता.

तर तो कुठे लावायचा. पीएस५, म्हणजे प्लेस्टेशन ५ मध्ये सेटिंग्ज, मग युझर्स अँड अकाउंट्स, मग अदर, तिथे कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले म्हणून आहे, ते चालू करायचं. पीएस४ वर सेटिंग्जमधल्या अकाउंट मॅनेजमेंटमध्ये अॅक्टिव्हेट अॅज युवर प्रायमरी पीएस४. जुनं मशीन चालू होत असेल तर त्याच्यावर जाऊन आधी ते डीअॅक्टिव्हेट करा, ते सगळ्यात सरळ. ते मेलेलं असेल तर मोबाइलवरून किंवा कॉम्प्युटरवरून अकाउंटच्या वेबसाइटवर डिव्हाइस मॅनेजमेंटमध्ये सगळी डिव्हाइसेस एकदम काढता येतात, पण ते सहा महिन्यांतून एकदाच, त्यामुळे गंमत म्हणून ते बटण दाबून बघू नका. आणि सगळं बरोबर असूनही कुलूप दिसत असेल तर रिस्टोअर लायसेन्सेस असा पर्याय आहे, पीएस५ वर त्याच अदरमध्ये आणि पीएस४ वर अकाउंट मॅनेजमेंटमध्ये. तो सर्व्हरला सांगतो की या अकाउंटच्या सगळ्या चाव्या परत द्या. मिनिट-दोन मिनिटांचं काम आहे, त्याने काही पुसलं जात नाही, बिनधास्त करा.

एक्सबॉक्सवर सेटिंग्ज, जनरल, पर्सनलायझेशन आणि त्यात माय होम एक्सबॉक्स. वर्षातून पाच वेळा बदलता येतं, त्यामुळे एखाद्या बदलीला अडचण येत नाही. घेतलेले गेम माय गेम्स अँड अॅप्समधल्या फुल लायब्ररीत असतात, पहिल्या पानावर नाही, तिथे फक्त उतरवलेले दिसतात. पीएस५ वरही तसंच, गेम लायब्ररीत युवर कलेक्शन बघायचं. स्टोअरमध्ये जाऊन गेम शोधलात आणि किंमत दिसली म्हणून परत पैसे भरू नका, किंमत दिसणं म्हणजे बहुतेक वेळा तुम्ही चुकीच्या अकाउंटने आत आहात.

एक गोष्ट मात्र वेगळी काढून ठेवा. पीएस प्लस (प्लेस्टेशनची वर्गणी) किंवा गेम पास (एक्सबॉक्सची) यातून मिळालेले गेम हे घेतलेले नसतात, वर्गणी चालू तोवर खेळायचे. भाच्याने "अकरा" मोजले होते त्यातले तीन असले निघाले, वर्गणी मार्चमध्येच संपली होती. आणि दुकानातून आणलेल्या सीडीसारख्या डिस्कवरचा गेम इन्स्टॉल केला असला तरी दरवेळी डिस्क आत लागतेच, त्यामुळे डिस्कवाला कन्सोल गेल्यावर बिनडिस्कचा स्वस्तातला आणलात तर त्या डिस्का कपाटातच राहणार.

निन्टेंडो स्विचची इथे कंपनी अधिकृतपणे विक्री करत नाही, बाहेरून आलेले मिळतात, त्यामुळे बिघाड झाला की जायचं कुठे हा प्रश्नच असतो. तिथे गेम निन्टेंडो अकाउंटवर असतात, ते परत उतरवता येतात, मायक्रो एसडी कार्ड काढून दुसऱ्या स्विचमध्ये घातलं तर मात्र त्यावरचे गेम चालत नाहीत.

आता गेमपेक्षा ज्याचं मला जास्त वाटतं ते सांगते, म्हणजे सेव्ह. गेम परत येतो, पण तुम्ही खेळून कुठवर पोचलात ते गेममध्ये नसतं, ती फाइल वेगळी असते आणि ती कन्सोलमध्ये बसलेली असते. खोली परत मिळाली, आतलं सामान गेलं. एक्सबॉक्सवर सेव्ह आपोआप क्लाउडवर, म्हणजे कंपनीच्या सर्व्हरवर जातात, फुकट, फक्त कन्सोल नेटला जोडलेला हवा. प्लेस्टेशनवर क्लाउडसाठी पीएस प्लस लागतं. पीएस४ चे सेव्ह पेनड्राइव्हवर काढून ठेवता येतात, पीएस५ च्या गेमचे येत नाहीत, हे मला अजिबात पटलेलं नाही पण आहे हे असं आहे. स्विचमध्ये सेव्ह कायम आतल्या मेमरीत असतात, कार्डावर कधीच नाही, आणि क्लाउडला पैशाची मेंबरशिप लागते, तीही काही गेमना चालत नाही.

भाच्याची एक फुटबॉल टीम होती, तीन वर्षं एकच क्लब चालवत होता, खेळाडू विकायचे, घ्यायचे, वहीत शिलकीचा हिशोब. ती वही त्याने मला दाखवली, पेन्सिलीने आखलेले रकाने, शेवटचं पान जूनचं. क्लाउडवरचा सेव्ह मार्चचा निघाला, कारण तेव्हाच वर्गणी संपली आणि नंतर काहीच वर गेलं नाही. एप्रिल, मे, जून, अख्खी सुट्टी गेली. तो काही बोलला नाही, वहीची ती पानं उलटत बसला. म्हणून सांगते, वर्गणी संपायला आली की आठवण लावा, आणि पीएस४ असेल तर महिन्यातून एकदा पेनड्राइव्ह लावा.

आता सगळ्यात जास्त वेळ आमचा कशात गेला तर ओटीपीत. अकाउंटला टू स्टेप, म्हणजे पासवर्डनंतर फोनवर येणारा कोड, लावलेलं होतं, चांगलीच गोष्ट आहे, पण नंबर होता भावोजींच्या जुन्या कंपनीचा, तो दीड वर्षापूर्वी परत केलेला. ईमेल ताईचा, पासवर्ड कुणालाच आठवेना. ईमेलवरून पासवर्ड बदलला, पण कोड त्या बंद नंबरवर. अशा वेळी उपयोगी पडतात ते बॅकअप कोड, टू स्टेप चालू करताना एकदाच दाखवतात आणि आपण पुढे ढकलतो. नशिबाने ताईने तेव्हा स्क्रीनचा फोटो काढला होता आणि तो तिच्या फोनमध्ये सापडला, २०२२ च्या गणपतीच्या फोटोंच्या मधोमध. तो नसता तर कंपनीच्या सपोर्टशी बोलून अकाउंट आपलंच आहे हे पटवून द्यायचं, त्यासाठी जुन्या खरेदीच्या पावत्यांचे ईमेल, कन्सोलचा सिरियल नंबर असं काय काय विचारतात. म्हणून खरेदीचे ईमेल डिलीट करू नका आणि कन्सोलच्या मागच्या सिरियल नंबरचा फोटो आजच काढून ठेवा, मेलेला कन्सोल भंगारात देऊन झाल्यावर तो कुठून आणणार.

देशाचंही एक आहे. आपल्याकडे बऱ्याच जणांनी सेलसाठी अमेरिकेच्या रीजनचं प्लेस्टेशन अकाउंट काढून ठेवलेलं असतं. प्लेस्टेशनचा देश नंतर बदलता येत नाही, आणि गेम ज्या अकाउंटवर घेतला त्यावरच राहतो, त्यामुळे दोन अकाउंट असतील तर नव्या कन्सोलवर दोन्ही चढवा आणि दोन्हीवरून तो घरचा म्हणून लावा.

याच्याशीच लागून एक गोष्ट, जी बघून मला खरंच वाईट वाटतं. पाच हजाराचा गेम हजार-बाराशेत देतो म्हणून सांगतात, आणि देतात काय तर एक अकाउंट, की याने साइन इन कर, उतरव आणि मग स्वतःच्या प्रोफाइलवरून खेळ. कॉलेजची मुलं पॉकेटमनी साठवून घेतात. चालतंही, जोवर तो कन्सोल आहे तोवर. पण ती भाडेपावती तुमच्या नावावर नाहीच, तुमच्याकडे फक्त चावी आहे. कन्सोल बदलला की त्या अकाउंटने परत साइन इन करावं लागतं आणि पासवर्ड विकणाऱ्याने तोवर बदललेला असतो, किंवा तेच अकाउंट चौघांना विकलेलं असतं. कंपनीच्या नियमांतही हे बसत नाही, त्यामुळे दाद मागायची कुणाकडे. तेवढ्याच पैशात सेलमध्ये जुना गेम स्वतःच्या नावावर येतो, तो घ्या.

सेकंड हँड कन्सोल घेताना दुकानातच नेटला जोडून स्वतःच्या अकाउंटने साइन इन करून बघा. छेडछाड केलेला कन्सोल कंपनी बॅन करू शकते, म्हणजे ते मशीनच ऑनलाइन जात नाही, आणि ऑनलाइन गेलं नाही तर तुमची नोंद कितीही पक्की असली तरी चावी येणार कुठून. मोबाइलचा हॉटस्पॉट लावून पाच मिनिटांत कळतं, दुकानदार घाई करत असेल तरी तेवढं थांबा.

रिपेअरला देतानाही विचारा की नुसता एचडीएमआय पोर्ट, पंखा, पॉवर सप्लाय बदलणार की बोर्ड. पोर्ट बदलला तर सगळं जसंच्या तसं राहतं. बोर्ड बदलला म्हणजे सर्व्हरच्या लेखी तो नवा कन्सोल, आतली डिस्क फॉरमॅट, सेव्ह गेले, वर सांगितलं ते सगळं पहिल्यापासून. कन्सोल थोडा तरी चालू होत असेल तर देण्याआधी सेव्ह वर चढवा, नंतर नाही.

भावोजींचा शेवटचा प्रश्न होता की कंपनीनेच गेमचं ऑनलाइन दुकान बंद केलं तर. होतं तसं. वीचं दुकान ३० जानेवारी २०१९ ला बंद झालं. निन्टेंडोच्याच थ्रीडीएस आणि वी यू या कन्सोलचं २७ मार्च २०२३ ला आणि एक्सबॉक्स ३६० चं २९ जुलै २०२४ ला खरेदीसाठी बंद झालं, पण आधी घेतलेले गेम परत उतरवायची सोय त्यांनी बंदीनंतरही ठेवली. म्हणजे विक्री थांबणं आणि तुमची नोंद पुसली जाणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पण दुसरंही घडलंय. पीएस४ वर पी.टी. नावाचा फुकट डेमो २०१४ मध्ये आला, २०१५ मध्ये काढून घेतला आणि नंतर ज्यांनी घेतला होता त्यांनाही परत उतरवता येईना, ज्यांच्या कन्सोलमध्ये तो आहे तेवढ्यांकडेच उरला. त्यांचा कन्सोल मेला तर तो गेलाच. आणि द क्रू या गाड्यांच्या गेमचे सर्व्हर २०२४ मध्ये युबिसॉफ्टने बंद केले तेव्हा पैसे देऊन घेतलेल्यांनाही तो खेळता येईना, कारण तो सर्व्हरशिवाय चालतच नव्हता. जो गेम मनापासून आवडतो आणि डिस्कवर मिळतो तो मी अजूनही डिस्कवर घेते, ते याच्यामुळे.

घरचा कन्सोल लावून झाल्यावर धाकटीचं कुलूप निघालं. मोठा गेम शंभर जीबीचा होता, शंभर एमबीपीएसची लाइन पूर्ण वेगाने चालली तरी सव्वादोन तास, त्यांच्याकडे रात्री सगळी चाळ नेटवर असते त्यामुळे वेग त्याच्या अर्ध्यावर. रेस्ट मोडमध्ये, म्हणजे स्क्रीन बंद पण डाउनलोड चालू, असा लावून ठेवला. ताईने बॅकअप कोड, ईमेल आणि सिरियल नंबर रेशनकार्डाच्या प्लास्टिकच्या पिशवीत कागदावर लिहून ठेवले आणि अकाउंटवर स्वतःचा नंबर घातला. सकाळी सातला तिचा मेसेज आला, गेम उतरलाय. भाच्याने शाळेत जायच्या आधी वहीत नवीन पान आखलं होतं आणि वर मार्चच्या शेवटच्या मॅचची तारीख घातली होती.